घुसाडी आणि कॅमेरा

दंडारी हा जुन्या आदिलाबाद जिल्ह्यातल्या राजगोंडांचा दिवाळीच्या सुमाराचा उत्सव. निर्मल-उटनूरकडच्या गोंड गावांप्रमाणेच नांदेड जिल्ह्यातल्या किनवट भागातही तो होतो. (झाडीपट्टीची दंडार निराळी, ते लोकनाट्य आहे.) एका गावचे पथक डफ, तुडुम, पेपरे वाजवत दुसऱ्या गावी जाते, तिथे जेवते, मुक्काम करते, रात्र रात्र नाचते. याच भेटींत सोयरिकी जुळतात. पथकातल्या घुसाडी नावाच्या नर्तकाच्या डोक्यावर मोरपिसांचा भला मोठा मुकुट, अंगाला राख, हाती सोटा. त्या दिवसांत तो देवरूप मानला जातो, आंघोळ करत नाही, आणि थोरामोठ्यांसह सगळे त्याच्या पाया पडतात. पाहणारे गाव यजमान असते. त्याचेही पथक इतरांच्या दारी जाते.

१९४० च्या दशकात मानववंशशास्त्रज्ञ हायमेनडॉर्फ आदिलाबाद जिल्ह्यातल्या मारलवाई या गोंड गावात राहिले. हैदराबाद संस्थानाचे अधिकारी आणि पुढे मराठीतले नामवंत इतिहासकार झालेले सेतुमाधवराव पगडी यांनी तर गोंडी शिकून तिचे व्याकरण लिहिले. हे निरीक्षकही बाहेरचेच, पण गावात रुळलेले. त्यांच्या वहीसाठी नाच थांबवावा लागत नव्हता.

१९८२ मध्ये बीबीसीच्या ‘वर्ल्ड्स अपार्ट’ मालिकेत राजगोंडांवरचा माहितीपट दाखवला गेला. चित्रणाला उजेड लागतो, कधी एकच कृती पुन्हा करून दाखवावी लागते, कॅमेऱ्याकडे न बघण्याचे भान ठेवावे लागते. घरी आलेल्या पाहुण्यासमोर माणूस जसा सावरून बसतो तसेच हे. फरक एवढाच की हा पाहुणा परतभेटीला बोलावत नाही. पडद्यावरच्या सहजपणात ही मेहनत दिसत नाही, म्हणून तो जपून पाहावा.

पुढे घुसाडी सरकारी सोहळ्यांत आणि टीव्हीवर वरचेवर दिसू लागला. मारलवाईचे कनकराजू यांनी हा नाच दिल्लीपर्यंत नेला, तरुणांना शिकवला. २०२१ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. या कौतुकाने कलेला मान आला, ही मोठीच गोष्ट. रूप मात्र बदलले. रात्रभराचा नाच काही मिनिटांत बसवावा लागतो, रिंगण प्रेक्षकांच्या बाजूने उघडते, दिवाळी नसतानाही मुकुट चढतो.

गावात दंडारीची सांगता कोलाबोडीच्या विधीने होते आणि मगच घुसाडी मुकुट उतरवतो. मंचावरच्या वेळापत्रकात या विधीला जागा नसते.