सार्वजनिक बांधकाम कंत्राटाच्या रद्दीकरणास न्यायालयीन आव्हान

शासकीय किंवा महापालिकेच्या बांधकामाचे कंत्राट मुदतीपूर्वी संपुष्टात आणल्यावर ठेकेदाराने न्यायालयाकडे मागितलेली दाद. महाराष्ट्राच्या सार्वजनिक बांधकाम खात्याचा रूढ करारनमुना ‘बी-1’ हा आहे. त्यातील कलम 3 नुसार कार्यकारी अभियंता कंत्राट रद्द करून अनामत जप्त करू शकतो आणि उरलेले काम मूळ ठेकेदाराच्या खर्चाने दुसऱ्याकडून करून घेऊ शकतो. खरा वाद बहुधा या वाढीव खर्चाच्या वसुलीवरूनच पेटतो.

कलम 30 अधीक्षक अभियंत्याचा निर्णय अंतिम ठरवते. ही लवादाची तरतूद आहे, असे ठेकेदार दीर्घकाळ म्हणत; ‘विष्णू विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ (2013) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ते अमान्य केले. मात्र करारभंग झाला की नाही, हे एकाच पक्षाने ठरवून वसुली करणे 1987 च्या ‘श्री रामेश्वर राइस मिल्स’ निकालाला मान्य नाही.

महापालिका ‘राज्य’ या संज्ञेत मोडत असल्याने तिच्या रस्त्याचे कंत्राट मनमानीने रद्द झाल्यास अनुच्छेद 226 खाली मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. साक्षीपुराव्याचा गुंता असल्यास उच्च न्यायालय सहसा दिवाणी दाव्याचा मार्ग दाखवते. विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमातील 2018 च्या दुरुस्तीनंतर पायाभूत प्रकल्पाला विलंब होईल असा मनाई हुकूम दाव्यात मिळत नाही. त्यामुळे रद्दीकरण बेकायदा ठरले तरी हाती बहुधा भरपाईच येते.