असिसीचा हौशी गवंडी

घराची दुरुस्ती स्वतःच्या हाताने करण्याची हौस मोठी विलक्षण असते. खिळा ठोकायला चढलेला गृहस्थ भिंतीचा गिलावा पाडून खाली उतरतो आणि घरची मंडळी तोंडाला पदर लावून हसतात. अशा हौशी गवंड्यांचा मुकुटमणी कोण, असे कुणी विचारले, तर असिसीच्या संत फ्रान्सिसकडेच बोट दाखवावे लागेल.

सुमारे १२०५ साली हा तरुण गावाबाहेरच्या सान दामियानो या मोडकळीस आलेल्या देवळात प्रार्थना करीत होता. आपले ढासळणारे घर सावरण्याची आज्ञा क्रुसावरील प्रभूने त्याला दिली. प्रभूचा रोख ख्रिस्तसभेकडे होता, असे चरित्रकार सांगतात; फ्रान्सिसला मात्र समोरच्या भिंतीच तेवढ्या दिसल्या!

त्याने लगोलग वडिलांच्या दुकानातील कापड आणि घोडा फोलिन्यो येथे विकला व पैसे देवळाच्या धर्मगुरूंपुढे ठेवले. ते घेईनात, तेव्हा खिडकीत टाकून दिले. कापडाचे व्यापारी असलेले वडील पिएत्रो बेर्नार्दोने खवळले. प्रकरण बिशप ग्विदो यांच्यापुढे गेले. बिशपांनी पैसे परत करावयास सांगितले. फ्रान्सिसने पैशांबरोबर अंगावरचे कपडेही उतरवून वडिलांपुढे ठेवले.

हात रिकामे झाले, पण हौस कायम राहिली. असिसीच्या रस्त्यांवर तो दगडांची भिक्षा मागू लागला. लोकांनी वेडा ठरवले, तरी खांद्यावरून दगड वाहून त्याने सान दामियानो उभे केले, मग आणखी एक देऊळ आणि शेवटी चिमुकले पोर्सिउंकुला. १२१२ च्या सुमारास संत क्लारा व तिच्या भगिनींना सान दामियानोतच निवारा मिळाला.

गंमत पुढेच आहे. धर्मबंधूंच्या सभेसाठी असिसीकरांनी पोर्सिउंकुलाजवळ पक्के घर बांधले. बाहेरून परतलेल्या फ्रान्सिसला वाटले, दारिद्र्याचे व्रत मोडले! तो छपरावर चढला आणि कौले खाली फेकू लागला. खाली उभ्या असलेल्या शिपायांनी ओरडून सांगितले, की हे घर बंधूंचे नसून नगराचे आहे. तेव्हा गवंडीबुवा मुकाट्याने उतरले.

दोन्ही वेळा त्याची चूक एकच होती: पैसा कुणाचा, घर कुणाचे, हे आधी विचारले नाही. दोन्ही वेळा, कळताच, तो थांबला. हे थांबणे आपल्याला जमते का? घरात असो वा धर्मग्रामात, दुरुस्तीच्या उत्साहात आपण जे 'माझे' म्हणून पाडतो-बांधतो, ते बहुधा सर्वांचे असते. हातोडी उचलण्यापूर्वी एवढे विचारावे. आणि विचारायचे राहिलेच, तर निदान छपरावरून उतरण्याची तयारी ठेवावी.