औट्रम घाट आणि बिनमालकाचे नाईक

चाळीसगावहून कन्नडला चढणारा घाट म्हणजे औट्रम घाट. कुणी नुसतं कन्नड घाट म्हणतं. लोकांना वाटतं हा कुणी रस्ता बांधणारा साहेब असेल. पण जेम्स औट्रमची खानदेशातली ओळख वेगळीच आहे. १८२५ साली त्याने धरणगावला भिल्लांची पलटण उभी केली.

जपानी सिनेमातला रोनिन, म्हणजे धनी नसलेला सामुराई, आपल्याला चटकन कळतो. या सातमाळ्यातला भिल्ल नाईक मात्र आपल्या लेखी दरोडेखोरच! तसं पाहिलं तर दोघांची गोष्ट एकच. पेशवाईत घाटांची राखण नाईकांकडे, गावाची भिल्ल जागल्याकडे. चोरी झाली तर माग काढून द्यायचा, नाहीतर भरपाई. बदल्यात धान्याचा, पैशाचा ठरलेला हक्क. मग होळकर-शिंद्यांच्या लढाया आणि १८०३ च्या सुमाराचा दुष्काळ यात गावंच उठली. हक्क देणार कोण? १८१८ मध्ये पेशवाई गेली, खानदेश कंपनीकडे आला, घाटमाथ्यावरचं कन्नड निजामाकडेच राहिलं. म्हणजे डोंगराच्या दोन बाजूंना दोन सरकारं, आणि मधल्या नाईकाला धनी कुणीच नाही.

तो जुनाच हक्क मागत राहिला. नव्या कागदात त्याला लूट म्हणत. खरं सांगायचं तर त्यात लूटही होतीच. गावकऱ्यांनी सोसलेलं विसरून चालणार नाही. पण हक्क आणि लूट यांतली रेघ ओढली कुणी, हे मला महत्त्वाचं वाटतं. आधी कंपनीने फौजा धाडल्या. त्या पुरेनात, तेव्हा पेन्शनी, शेतीसाठी तगाई, आणि मग औट्रमची पलटण. तो त्यांच्यात राहिला, वाघाच्या शिकारी केल्या. माणूस धाडसी होता यात वाद नाही. मात्र पलटणीत पगार होता, कवायत होती. घाट स्वतःचा नव्हता.

जपानात १८७६ साली सामुराईंच्या कमरेची तलवार कायद्याने गेली आणि पुढच्याच वर्षी सायगो ताकामोरी बंड करून मेला. आपल्याकडे ते वीस वर्षं आधीच घडलं होतं. सातपुड्यातला खाज्या नाईक सेंधव्याच्या रस्त्यावर कंपनीचाच राखणदार. नोकरी गेली, तुरुंग झाला, पुन्हा कामावर घेतलं. १८५७ मध्ये त्याने भीमा नाईकासह बंड केलं आणि ज्या घाटाची राखण करायची तिथेच सरकारला अडवलं. एप्रिल १८५८ मध्ये अंबापाणीला मोठी लढाई झाली. १८६० मध्ये खाज्या दगाफटक्याने मारला गेला.