इमारत पाडली, भाडेकरूचं काय?

पावसाळ्याच्या तोंडावर मुंबईत दरवर्षी अतिधोकादायक इमारतींची यादी निघते. डोंगरी, नागपाडा, भायखळ्यात ओळखीचं कुणी राहत असेल तर मीही ती चाळतो. यादी आली की ‘जीव धोक्यात असूनही लोक निघत का नाहीत?’ हा सवाल ठरलेला. ३१ ऑगस्ट २०१७ रोजी भेंडीबाजारची हुसैनी इमारत कोसळली, ३३ माणसं गेली, तेव्हाही तो विचारला गेला. इमारत धोकादायक ठरलेली होती. काही कुटुंबं आधीच निघाली होती, काही राहिली होती. लोक मूर्ख असतात म्हणून राहतात, असं मला वाटत नाही. ‘निघालो तर परत येऊ का?’ ही त्यांची भीती आहे आणि या शहरात ती सव्वाशे वर्षं जुनी आहे.

१८९६ला प्लेग आला. १८९८ला इंग्रज सरकारने बॉम्बे इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन केला. त्याची पहिली योजना नागपाड्याची. दाट वस्त्या पाडून रुंद रस्ते आणि हवेशीर घरं, असा बेत होता. पाडापाडी झपाट्याने झाली, बांधकाम मागे राहिलं. भाड्याने राहणारा मजूर शेजारच्या गल्लीत, आणखी दाटीत जाऊन राहिला. मोबदला मालकाला होता. भाडेकरूला परत आणण्याची जबाबदारी कुणावर नव्हती.

स्वातंत्र्याच्या वर्षी, १९४७ला, मुंबई भाडे नियंत्रण कायदा आला. १ सप्टेंबर १९४० रोजी जे भाडं होतं, ते प्रमाण धरलं गेलं. भाडेकरूला संरक्षण मिळालं, पण मालकाने दुरुस्ती सोडली आणि इमारती खचू लागल्या. मग १९६९च्या कायद्याने उपकर लावून सरकारने दुरुस्ती मंडळ काढलं. १९,६४२ इमारती त्याखाली आल्या. पुढे हे मंडळ म्हाडात गेलं. इमारत मोडकळीस आली की रहिवासी संक्रमण शिबिरात जायचे. ‘तात्पुरतं’ म्हणून गेलेल्या कित्येकांच्या मुलांची लग्नं तिथूनच झाली. शिबिरातल्या माणसाचा हक्क त्या खोलीवर नसतो, पाडलेल्या मूळ इमारतीत असतो. म्हणून मूळ कागद हरवला की माणूस दोन्हीकडून जातो.

खाजगी मालक असेल तर भाडे कायदा पाठीशी असतो. घर सरकारचं किंवा महापालिकेचं असेल तर १९९९चा महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा लागूच होत नाही. तिथे मालकही सरकार आणि ‘इमारत धोकादायक आहे’ असं सांगणारंही बहुतेकदा सरकारच. २७ सप्टेंबर २०१३ रोजी डॉकयार्ड रोडजवळची बाबू गेनू मंडईची इमारत कोसळून ६१ जण दगावले. ती महापालिकेची होती आणि वर पालिकेच्याच कर्मचाऱ्यांची कुटुंबं राहत होती. १९२०च्या दशकातल्या बीडीडी चाळीही सरकारी. तिथल्या १६० चौरस फुटांच्या खोल्यांच्या जागी ५०० चौरस फुटांची घरं मिळू लागली, ती रहिवाशांच्या मागणीतून घडलेल्या सरकारी धोरणामुळे. भाडे कायद्याने ती दिलेली नाहीत आणि धोरण बदलू शकतं.

२०१४ साली दोन महत्त्वाचे निकाल आले. एप्रिलमध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठाने महाराष्ट्रातल्याच एका खटल्यात सांगितलं की, इमारत नष्ट झाल्याने भाडेकरूपण संपत नाही, कारण भाडेपट्ट्यात इमारतीखालची जमीनही येते. हा खटला पालिकेने पाडलेल्या इमारतीचाच होता. जूनमध्ये मुंबई उच्च न्यायालयाने धोकादायक इमारतींबाबत नियम घालून दिले. इमारत रिकामी केली किंवा पाडली म्हणून रहिवाशांचे जे काही हक्क असतील त्यांना बाधा येणार नाही, असं त्यात स्पष्ट केलं.

म्हणून नोटीस आली की माझ्या मते तीन गोष्टी करायला हव्यात. पाडण्याआधी रहिवाशांची यादी आणि प्रत्येकाच्या खोलीचं क्षेत्रफळ लेखी घ्यावं. भाडेपावत्या, वीजबिलं, रेशनकार्ड यांच्या प्रती घराबाहेर कुठेतरी ठेवाव्यात. आणि पावती मयत दादाजानच्या नावावर असेल तर वेळीच बदलून घ्यावी. आपल्याकडे घरातले भाऊ विरासतीच्या हिशेबाने भांडत बसतात. पण राहत्या घराच्या भाडेहक्कात कायदा आधी पाहतो की, भाडेकरू वारला तेव्हा कुटुंबातलं कोण त्याच्यासोबत राहत होतं. शेवटपर्यंत वडिलांजवळ राहिलेली बेवा मुलगी तिथे पहिली दावेदार ठरू शकते. तिचं नाव यादीत आहे का, हे बिऱ्हाड हलवण्याआधी पाहायला हवं.

धोकादायक इमारत सोडलीच पाहिजे, यात वाद नाही. पण ‘आधी निघा, कागदाचं नंतर पाहू’ हे ज्यांना पिढ्यानपिढ्या ऐकवलं गेलं, त्यांच्या हातात यादीची सही-शिक्क्याची प्रत दिली तर जिने आपोआप रिकामे होतील.