मार्शल योजनेचे दुसरे खाते

जिल्हा बँकेच्या कर्ज विभागात माझी उभी हयात गेली. त्यामुळे दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकेने युरोपच्या उभारणीसाठी दिलेल्या मदतीचा, म्हणजे मार्शल योजनेचा, 13 अब्ज डॉलरचा आकडा वाचला की मी आधी विचारतो: पैसा कोणत्या खात्यात पडला?

युरोपला गेला तो प्रामुख्याने माल. 3 एप्रिल 1948 रोजी अमेरिकेचे अध्यक्ष ट्रुमन यांनी योजनेच्या कायद्यावर सही केली आणि दोन आठवड्यांच्या आत ‘जॉन एच. क्विक’ हे जहाज 9,000 टन गहू भरून टेक्सासमधल्या गॅल्व्हेस्टनहून बोर्दोकडे निघाले. मागोमाग कोळसा, कापूस, खते, यंत्रे. समजा, फ्रान्समधल्या शेतकऱ्याला अमेरिकन ट्रॅक्टर हवा आहे. तो त्याला फुकट मिळत नसे. रीतसर फ्रँक मोजावे लागत. अमेरिकन कारखानदाराचे डॉलर वॉशिंग्टन भागवी आणि शेतकऱ्याचे फ्रँक फ्रान्स सरकारच्या वेगळ्या खात्यात जमा होत. हाच काउंटरपार्ट फंड. त्यातले 5 टक्के अमेरिकेचे. उरलेले 95 टक्के त्या देशाने अमेरिकेच्या संमतीने आपल्याच उभारणीला लावायचे. माल मिळाला तो मिळालाच, वर भांडवलही उभे राहिले. इतकी शहाणी मदत माझ्या वाचनात दुसरी नाही.

फ्रान्सने हा पैसा झां मोने यांच्या आधुनिकीकरण योजनेतल्या वीज, कोळसा, रेल्वेकडे वळवला. ब्रिटनला सर्वाधिक, 3 अब्ज डॉलरहून जास्त मदत मिळाली. तिथला फंड मुख्यतः सरकारी कर्ज कमी करण्यात गेला.

पश्चिम जर्मनीला ब्रिटनच्या निम्म्याहूनही कमी मिळाले. पण 1948 मध्ये फ्रांकफुर्टला पुनर्बांधणीसाठी केएफडब्ल्यू ही बँक निघाली आणि फंडातला पैसा तिच्यामार्फत कर्जाऊ दिला जाऊ लागला. वसूल झाला की पुन्हा नव्या कर्जदाराला. शिवाय 1953 च्या लंडन कराराने जर्मनीचे सुमारे निम्मे जुने कर्ज माफ झाले आणि उरलेल्याचे हप्ते झेपतील असे बांधून दिले. सह्या करणाऱ्या धनकोंत ग्रीसही होता, ज्याला जर्मन फौजांनी लुटले होते! कर्जवसुली केलेला माणूस म्हणून सांगतो, ही माफी नसती तर नुसत्या गव्हा-कोळशावर जर्मनी इतक्या लवकर सावरला नसता.

केएफडब्ल्यूमार्फत फिरणारा तो काउंटरपार्ट फंड जर्मनीने आजतागायत मोडलेला नाही. तिथल्या छोट्या-मध्यम उद्योगांना त्यातून अजूनही कर्ज मिळते.