शर्मिला रेगे आणि मागची बाकं

एम.ए.च्या पहिल्या वर्षी मी जवळजवळ आठ महिने वर्गात तोंड उघडलं नाही. साल २०१७. बारावीपर्यंत मराठी माध्यम, बी.ए. तालुक्याच्या कॉलेजात, तेही मराठीतूनच. पुण्यातल्या वर्गात चर्चा इंग्रजीत चालायची. विषय कळायचा, काय म्हणायचंय तेही डोक्यात असायचं, पण वाक्य जुळवेपर्यंत चर्चा पुढे गेलेली असायची. 'आधी इंग्रजी सुधारा, मग थिअरीकडे या,' असं एका सरांनी सांगितलं, आणि मला ते पटलंही. कमी मीच पडतेय, असंच वाटायचं.

त्या वर्षी एका सीनियर मैत्रिणीने व्हॉट्सॲपवर एक पीडीएफ पाठवली. शर्मिला रेगेंचा 'इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली'त २०१० साली आलेला, शिक्षणाला 'तृतीय रत्न' म्हणणारा लेख. तो इंग्रजीत होता आणि चांगलाच अवघड होता. मागच्या बाकावरच्यांबद्दलचा लेख मागच्या बाकावरचीला डिक्शनरी ॲप उघडून वाचावा लागतो, हा विनोद माझ्या तेव्हाच लक्षात आला होता. तरी तीन रात्रींत वाचून काढला.

लेखाचं नाव जोतीराव फुल्यांच्या नाटकावरून आलंय. 'तृतीय रत्न' १८५५चं. एक कुणबी जोडपं, बाई गरोदर, आणि ग्रहांची भीती घालून त्यांना लुबाडणारा जोशी. शेवटी नवराबायको दोघंही जोतीराव-सावित्रीबाईंच्या रात्रशाळेत जायचं ठरवतात. दक्षिणा प्राईज कमिटीने हे नाटक नाकारलं. रेगेंनी त्यातून एक साधा प्रश्न उचलला. ते जोडपं शाळेत पोचलं. आता शाळा त्यांच्याशी कशी वागणार?

स्त्रीशिक्षणाचा इतिहास आपण बहुतेक वेळा पटसंख्येने सांगतो. १८४८, भिडेवाडा, पहिली शाळा, मग किती मुली, किती टक्के. ते मोजायलाच हवं. पण रेगे दाराच्या आत बघत होत्या. उच्च शिक्षणात ओबीसी आरक्षणावरून २००६ साली 'मेरिट'चा गदारोळ झाला, तेव्हा विद्यापीठांत पहिल्या पिढीची मुलंमुली आधीच येऊन बसली होती. ती गप्प का, याचं ठरलेलं उत्तर होतं की त्यांची तयारी कमी. रेगेंनी तोच प्रश्न शिकवणाऱ्यांकडे फिरवला. आपण कुणाचं ज्ञान ज्ञान मानतो? अभ्यासक्रमात फुले-आंबेडकर एका प्रकरणापुरते का? माझ्या डोक्यातला दोष त्या लेखाने माझ्यावरून उचलून भलतीकडेच नेऊन ठेवला.

त्या पुणे विद्यापीठात समाजशास्त्राच्या प्राध्यापक होत्या, क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले स्त्री अभ्यास केंद्राच्या प्रमुख होत्या. लावणी कलावंतांवरचं त्यांचं काम नव्वदच्या दशकातलं. १९९८च्या एका लेखात त्यांनी स्त्रीवादी चळवळीला सुनावलं की 'बाई' म्हणताना तुम्ही सवर्ण बाईच धरून चालता. त्या स्वतः सवर्ण होत्या, त्यामुळे दलित स्त्रियांबद्दल बोलायचा यांना हक्क काय, हा आक्षेप आलाच. त्यांचं म्हणणं मला अजून पटतं. दलित स्त्रियांच्या वतीने बोलू नये, हे खरं. पण 'त्यांचं त्यांनी बोलावं' म्हणून आपण मोकळं होणं हीसुद्धा पळवाटच. आपल्याला स्वतःला बदलावं लागतं.

२००६च्या पुस्तकात त्यांनी हेच केलं. बेबीताई कांबळे, शांताबाई कांबळे, उर्मिला पवार, कुमुद पावडे अशा आठ जणींची आत्मकथनं निवडून इंग्रजीत मांडली. ही केवळ दुःखाची कहाणी म्हणून न वाचता जातीच्या इतिहासाचा पुरावा म्हणून वाचा, असा त्यांचा आग्रह. आपल्या भाषेतली ही पुस्तकं मला मात्र इंग्रजी पुस्तकाने दाखवली. याचं वाईट वाटतं.

केंद्रात त्या इंग्रजी आणि मराठी दोन्ही भाषांत अभ्याससाहित्य तयार करण्यावर भर देत. २००९ साली तिथे विद्यार्थ्यांना सोबत घेऊन दलितांच्या खाण्याच्या आठवणींवर एक पुस्तक झालं. 'भारतीय जेवण' म्हणतो त्या ताटात कुणाचं ताट धरलेलंच नसतं, हा त्याचा विषय. ज्या मुलाला थिअरीची वाक्यं बोलता येत नाहीत, त्याला घरच्या चुलीबद्दल मात्र नक्की बोलता येतं. शिकवण्याची ही पद्धत मला त्यांच्या सगळ्या लेखनापेक्षा मोठी वाटते.

१३ जुलै २०१३ला त्या कॅन्सरने गेल्या, अठ्ठेचाळीसाव्या वर्षी. आंबेडकरांच्या स्त्रीविषयक लेखनाचं त्यांनी केलेलं संपादन त्याच वर्षीचं. मी त्यांना कधी पाहिलं नाही.

आता मी एका कॉलेजात तासिका तत्त्वावर शिकवते. मागच्या सत्रात कुमुद पावडेंच्या 'अंतःस्फोट'मधला संस्कृतचा भाग वर्गात घेतला. महार समाजात जन्मलेली मुलगी संस्कृतात एम.ए. करते, पण नोकरी मिळत नाही. मग आंतरजातीय लग्न होतं, कुमुद सोमकुवरची कुमुद पावडे होते, आणि दोनेक महिन्यांत नोकरी मिळते. त्या स्वतःच लिहितात की नोकरी पावडेंना मिळाली, सोमकुवर तशीच राहिली.

मागून दुसऱ्या बाकावरची एक मुलगी, जिचा आवाज मी ऐकलाच नव्हता, म्हणाली, "मॅडम, माझ्या भावाने फेसबुकवरचं आडनाव काढून टाकलंय. मुलाखतीच्या आधी." मग शेजारची बोलली. मग एक मुलगा म्हणाला, आमच्याकडे गावाचं नाव लावतात. पुढच्या बाकावरच्या दोघी मात्र गप्प होत्या, आणि बहुधा पहिल्यांदाच.

त्या तासाला मी जेमतेम चार वाक्यं बोलले असेन. पोर्शन तीन पानं मागे राहिला.