मुख्य खेळाआधीची दहा मिनिटे

६ ऑगस्ट १९२६ रोजी न्यूयॉर्कच्या वॉर्नर थिएटरात ‘डॉन हुआन’ हा चित्रपट लागला. त्याला संगीताची जोड होती, पण संवाद नव्हते. गाणाऱ्याचे ओठ आणि आवाज जुळलेले प्रेक्षकांनी पाहिले, ते त्याआधी दाखवलेल्या व्हायटाफोनच्या लघुपटांत. न्यूयॉर्क फिलहार्मोनिकचे वादन, मिशा एल्मनचे व्हायोलिन आणि जिओव्हानी मार्टिनेलीचे ऑपेरागायन असा तो मेळ होता.

त्यांचा आवाज फिल्मवर नव्हता, तो १६ इंची तबकडीवर होता. सुई आतून बाहेर येई. एक तबकडी एका रिळाला, म्हणजे सुमारे ११ मिनिटांना पुरे. वीसेक खेळ झाले की ती झिजे, मग नवी लावावी लागे.

वाद्यवृंद न परवडणाऱ्या गावांतही उत्तम संगीत पोहोचावे, हा वॉर्नर बंधूंचा हेतू. पण त्यापायी मूकपटांना साथ करणाऱ्या हजारो वादकांची रोजी गेली. त्यांच्या संघटनेने ‘डबाबंद संगीता’विरुद्ध वर्तमानपत्रांत जाहिराती दिल्या. आपल्याकडेही मूकपटाला पेटी-तबल्याची साथ असे. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये ‘आलम आरा’ बोलू लागला आणि तिचीही गरज सरत गेली.

म्हणून हे लघुपट केवळ दोषी ठरवावेत काय? १९२९ चा ‘सेंट लुईस ब्लूज’ पाहा. थोर कृष्णवर्णीय गायिका बेसी स्मिथ त्यात गुत्त्याच्या फळीला टेकून गाते. १९३७ मध्ये मोटार अपघातात ती गेली. तिच्या ध्वनिमुद्रिका पुष्कळ आहेत, पण ती पडद्यावर दिसते ती याच सुमारे १६ मिनिटांत. वेळ भरून काढण्यासाठी केलेल्या चित्राने तिला राखले.

व्हायटाफोनच्या नशिबी मात्र ताटातूट आली. कुठे रीळ उरले, कुठे नुसती तबकडी. १९९१ पासून काही संग्राहक या जोड्या जुळवीत आहेत. अल जोल्सनचा १९२६ चा एक लघुपट असाच परत मिळाला. त्याची तबकडी फुटलेली होती आणि कोणीतरी ती चिकटवून ठेवली होती.

आपणांपैकी कित्येकांच्या घरी, बडोद्यात, ग्वाल्हेरीत, बेळगावात, आजोबांच्या तबकड्या माळ्यावर पडून असतील. त्या भंगारात देण्याआधी लेबल वाचा, नाव आणि क्रमांक लिहून ठेवा. तबकडी फुटली असेल तर तुकडेही टाकू नका.